जमीन सरकारने घेतली, आता उशिरा कोर्टात जाता येईल का? भूसंपादनाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आमची जमीन जाऊन तीस-पस्तीस वर्षं झाली. आता काही करता येतं का?

उत्तर द्यायच्या आधी एक उलटा प्रश्न: तुम्हाला नक्की काय हवंय? जमीन परत हवी आहे, मोबदला वाढवून हवा आहे, की कसलीही कार्यवाही न करता, दमडीही न देता सरकार शेतात घुसलं अशी तक्रार आहे? बहुतेक लोक ही तिन्ही दुखणी एकाच दमात सांगतात. कोर्टात मात्र तिन्हींचे दरवाजे वेगळे आहेत. निवाडा (भूसंपादन अधिकाऱ्याचा मोबदला ठरवणारा आदेश) होऊन ताबा गेल्यावर भूसंपादनच रद्द करून मागायचा दरवाजा जवळजवळ बंद असतो. पैशाच्या दरवाजाला मुदतीची कडी आहे, पण एक-दोन फटी आहेत. तिसरा, म्हणजे बिनकायदा घेतलेल्या जमिनीचा दरवाजा, पन्नास वर्षांनीही उघडल्याची उदाहरणं आहेत.

रिट याचिकेला मुदतच नसते म्हणतात. मग उशिराचा प्रश्न येतोच कुठे?

अर्धं खरं आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात जायला कायद्याने दिवस मोजून दिलेले नाहीत. पण रिट हा न्यायालयाच्या विवेकाचा भाग आहे, आणि हक्क माहीत असून जो स्वस्थ बसला त्याच्यासाठी न्यायालय तो विवेक सहसा वापरत नाही.

याचं सर्वांत जास्त उद्धृत होणारं उदाहरण दिल्लीचं आहे. शहराच्या नियोजित विकासासाठी १९५९ मध्ये ३४,०७० एकरांची अधिसूचना निघाली. तिला आव्हान देणाऱ्या याचिका आल्या १९७२ मध्ये. घटनापीठाने अफलातून खटल्यात, १९७४ साली, विचारलं की इतकी वर्षं कुठे होतात? १८९४ च्या भूसंपादन कायद्याच्या कलम ४ ची, म्हणजे जमीन घ्यायचा इरादा सांगणारी पहिली अधिसूचना सदोष वाटत होती तर तेव्हाच यायचं होतं. कार्यवाही पूर्ण होऊ द्यायची आणि मग पहिल्याच पायरीवर बोट ठेवायचं, हे चालणार नाही.

‘पण अधिसूचना मुळातच बेकायदा होती’ हा युक्तिवादही तारत नाही. १९९६ मध्ये राजस्थान सरकार विरुद्ध डी. आर. लक्ष्मी या निकालात न्यायालयाने सांगितलं, की आदेश अवैध असला तरी तो अवैध ठरवून घ्यायला माणसाला वेळेत यावं लागतं. कागद आपोआप रद्द होत नाही. त्याच वर्षी मुंबई महापालिकेच्या एका प्रकरणातही सूर तोच होता: निवाडा झाला, ताबा गेला, जमीन सरकारात निहित झाली, म्हणजे मालकी सरकारची झाली, की न्यायालयाने हात घालायला कचरावं.

७२ च्या दुष्काळात आमच्या शेतातून रस्ता काढला. ना नोटीस, ना पैसे. आज मागता येतील?

मराठवाड्यात हा प्रश्न घरोघरी आहे, त्यामुळे इथे जरा थांबतो.

दुष्काळी कामांत रस्ते झाले, पाझर तलाव झाले, नालाबंडिंग झालं. लोकांच्या हाताला काम हवं होतं, आणि ज्याच्या बांधावरून रस्ता गेला तोही त्या कामावर खडी फोडत होता. सातबारावर नाव तसंच राहिलं. अशाच एका शेतकऱ्याने १९७१-७२ मध्ये गेलेल्या जमिनीसाठी १९९१ साली औरंगाबाद खंडपीठात याचिका केली. उच्च न्यायालयाने मोबदला द्यायला सांगितलं. सरकार वर गेलं आणि १९९५ मध्ये, महाराष्ट्र राज्य विरुद्ध दिगंबर या निकालात, सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश फिरवला. कारण एकच, वीस वर्षांचा उशीर. इतक्या वर्षांनी सरकारकडे ना कागद, ना साक्षीदार. संमतीने जमीन दिली होती की नव्हती हे कोण सांगणार? मराठवाड्यातल्या कितीतरी फायली या एका निकालाने थंड केल्या.

मग २०१२ आलं. तुकाराम काना जोशी विरुद्ध एमआयडीसी. ठाणे परिसरातली जमीन, १९६४ ची अधिसूचना. पुढची कार्यवाही पूर्णच झाली नाही, पण जमीन मात्र ताब्यात गेली. शेजारच्यांना मोबदला मिळाला, यांना नाही. उच्च न्यायालयाने उशिरावर बोट ठेवून याचिका फेटाळली होती. सर्वोच्च न्यायालयाने उलट सरकारलाच खडसावलं. अशिक्षित शेतकऱ्यांची जमीन कायद्याशिवाय घेऊन वर त्यांच्याच उशिराकडे बोट दाखवता येणार नाही, असं म्हणून नव्याने कार्यवाही करून आजच्या हिशेबाने मोबदला द्यायला लावला.

आणि जानेवारी २०२० मधलं विद्या देवी प्रकरण. हिमाचलमधल्या या विधवा बाईंची जमीन १९६७-६८ मध्ये रस्त्यासाठी गेली. शेजाऱ्यांना कोर्टातून मोबदला मिळाल्याचं कळल्यावर त्या २०१० मध्ये उच्च न्यायालयात गेल्या. सर्वोच्च न्यायालयात पोहोचल्या तेव्हा वय ऐंशीच्या घरात. राज्य सरकारचा बचाव वाचून आजही राग येतो. ‘बेचाळीस वर्षं जमीन आमच्याकडे आहे, म्हणजे प्रतिकूल ताब्याने ती आमचीच झाली.’ न्यायालयाने सुनावलं, की कल्याणकारी राज्याला स्वतःच्याच नागरिकाच्या जमिनीवर असा दावा सांगता येत नाही. आणि जोवर मोबदला दिला नाही तोवर अन्याय रोज चालूच आहे, त्यामुळे उशिराची ढाल चालणार नाही. २०२२ मध्ये सुखदत्त रात्रा प्रकरणात, १९७२-७३ चा रस्ता आणि २०११ ची याचिका असताना, हीच वाट कायम राहिली.

म्हणजे दिगंबरचा निकाल आता मेला?

नाही. सरकारी वकील तो आजही पहिल्याच तारखेला काढतात. दोन्ही रेषा शेजारी शेजारी चालू आहेत, आणि तुमचं प्रकरण कुठल्या रेषेत बसतं हे तुमच्या कागदांवर ठरतं. जमीन तुमची होती आणि सरकारने ती घेतली, हे दोन्ही मुद्दे निर्विवाद असतील, म्हणजे जुना सातबारा, मोजणीचा नकाशा, खात्याचंच एखादं पत्र, तर तुम्ही विद्या देवींच्या बाजूला उभे आहात. शेजाऱ्याला त्याच रस्त्याचा मोबदला मिळाला असेल तर आणखी बरं. पण ‘आमचे आजोबा सांगायचे’ एवढंच भांडवल असेल, तर दिगंबर समोर उभा राहणार. अशा प्रकरणांत सरकार हमखास ‘स्वखुशीने दिली होती’ म्हणतं. त्यावर लगेच विचारा, संमतीपत्र दाखवा. ते सापडल्याचं मी क्वचितच पाहिलंय.

आम्हाला नोटीसच मिळाली नाही. एवढ्यावर भूसंपादन रद्द होईल?

लवकर आलात तर कदाचित. १८९४ च्या कायद्यात कलम ५-अ खाली हरकतींना ३० दिवस होते, त्याची जागा घेणाऱ्या २०१३ च्या नव्या कायद्यात कलम १५ खाली ६० दिवस आहेत. अधिसूचना राजपत्रात, दोन वर्तमानपत्रांत आणि गावात प्रसिद्ध करायची असते, आणि ती झाली की तुम्हाला कळलं असं धरलं जातं. कोणी राजपत्र वाचतं का, हा प्रश्न कोर्टात विचारून उपयोग नाही.

शिवाय नोटीस कोणाला? अधिकार अभिलेखात, म्हणजे सातबारावर, ज्याचं नाव त्याला. आजोबा वारले, वारसफेरफार केलाच नाही, नोटीस आजोबांच्या नावाने निघाली आणि चावडीवर डकवली, असं असेल तर दोष सरकारवर ढकलणं कठीण आहे. वारसनोंदीचा कंटाळा केलेली माणसं या पानावर सर्वांत जास्त असणार, हे मला माहीत आहे.

मोबदला कमी मिळाला. वाढीव मोबदल्याच्या अर्जाची मुदत काय?

निवाडा १८९४ च्या कायद्याखालचा असेल तर कलम १८ चा रेफरन्स, म्हणजे मोबदल्याचा वाद कोर्टाकडे पाठवा असा जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज. निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर होता तर त्या दिवसापासून सहा आठवडे. हजर नसाल तर निवाडा झाल्याची कलम १२(२) ची नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांतलं जे आधी संपेल ते. इथे जिल्हाधिकाऱ्यांना विलंब माफ करायचा अधिकारच नव्हता. २०१३ च्या कायद्याच्या कलम ६४ मध्ये मुदती त्याच आहेत, पण एक दार ठेवलंय: सबळ कारण दाखवलं तर पुढच्या एका वर्षात अर्ज घेता येतो.

आता फट कुठे आहे ती सांगतो. ‘निवाड्यापासून’ म्हणजे कधीपासून? अधिकाऱ्याने केबिनमध्ये बसून सही केली त्या दिवसापासून? १९६१ साली राजा हरिश्चंद्र राज सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की निवाडा तुम्हाला प्रत्यक्ष कळला किंवा कळायला हवा होता, तो दिवस धरायचा. नंतरच्या निकालांनी, विशेषतः २०१२ च्या प्रेमजी नाथू प्रकरणाने, हे आणखी स्पष्ट केलं. निवाडा झाला एवढं कानावर येणं पुरेसं नाही, त्यात काय लिहिलंय हे कळलं पाहिजे. म्हणून निवाड्याची नक्कल तुम्हाला नेमकी कोणत्या तारखेला मिळाली हे फार महत्त्वाचं. नोटिशीसोबत निवाडा जोडलाच नव्हता असं निघालं, तर बुडालेलं प्रकरणही कधी कधी तरतं.

पैसे तर उचलले, सहीही केली. आता संपलं का?

‘निषेध नोंदवून’, ‘हक्क राखून’, अंडर प्रोटेस्ट, असं काही लिहून सही केली असेल तर रेफरन्सचा हक्क शाबूत आहे. काहीच न लिहिता पैसे घेतले असतील तर रेफरन्स करता येत नाही. पण जमीन जुन्या कायद्याखाली गेली असेल तर पुढचा प्रश्न नक्की वाचा.

आम्ही कोर्टात गेलोच नाही. शेजारचा गेला आणि त्याला दुप्पट भाव मिळाला. आम्हाला?

यासाठीच १९८४ च्या दुरुस्तीने जुन्या कायद्यात कलम २८-अ आलं. २०१३ च्या कायद्यात तेच कलम ७३ आहे. एकाच अधिसूचनेत गेलेल्या जमिनींपैकी कोणाला कोर्टाने वाढीव मोबदला दिला, तर ज्यांनी रेफरन्स केला नव्हता त्यांनाही त्या दराने मोबदला मागता येतो. अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे, त्या निकालापासून तीन महिन्यांत. निकालाची नक्कल काढण्यात गेलेले दिवस वजा. २००२ च्या हंसोली देवी प्रकरणात घटनापीठाने दोन गोष्टी मोकळ्या केल्या: निषेध न नोंदवता पैसे घेतलेल्यालाही हा अर्ज करता येतो, आणि ज्याचा कलम १८ चा अर्ज मुदतबाह्य म्हणून फेटाळला गेला त्यालाही.

तरी लोक हे तीन महिने घालवतात, कारण शेजारी सांगत नाही. निकाल लागला की पैसे बँकेत येईपर्यंत तो तोंड उघडत नाही आणि तोवर वर्ष गेलेलं असतं. आपल्या अधिसूचनेतल्या एल.ए.आर. (कोर्टात गेलेल्या रेफरन्सच्या) प्रकरणांची स्थिती स्वतः ई-कोर्टच्या संकेतस्थळावर बघत राहणं हाच उपाय.

निवाडा जुना आहे, पण जमीन आजही आम्हीच कसतो. कलम २४ खाली संपादन रद्द होतं ना?

होत होतं, सहा वर्षं. ही गोष्ट पुण्यातून सुरू झाली. महापालिकेच्या वन-उद्यानासाठी सुमारे ४४ एकर जमीन घेतली होती. निवाडा ३१ जानेवारी २००८ चा. मालकांनी मोबदला घेतला नाही, रक्कम सरकारी कोषागारात जमा केली गेली. दरम्यान २०१३ चा कायदा १ जानेवारी २०१४ ला लागू झाला. त्याचं कलम २४(२) म्हणतं, की निवाडा पाच वर्षांहून जुना आहे आणि ताबा घेतला नाही किंवा मोबदला दिला नाही, तर संपादन व्यपगत, म्हणजे आपोआप संपलं. त्याच महिन्यात, २४ जानेवारी २०१४ ला, हरकचंद सोळंकी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की कोषागारात ठेवणं म्हणजे ‘देणं’ नव्हे. संपादन गेलं.

मग देशभर याचिकांची रीघ लागली. वीस-तीस वर्षांपूर्वीच्या निवाड्यांवरही अर्ज झाले, आणि त्यांतले बरेच जिंकले. २०१८ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने वेगळा सूर लावला, गोंधळ वाढला, आणि अखेर ६ मार्च २०२० रोजी इंदूर विकास प्राधिकरण विरुद्ध मनोहरलाल या निकालात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सगळं उलटं केलं. कलमातला ‘किंवा’ हा ‘आणि’सारखा वाचायचा: ताबाही नाही आणि मोबदलाही नाही, दोन्ही असेल तरच व्यपगत. रक्कम देऊ केली आणि तुम्ही नाकारली, तर ‘दिली नाही’ अशी ओरड करता येणार नाही. मोकळ्या जमिनीचा ताबा पंचनाम्याने घेतला तर तो पुरेसा. त्यानंतर तुम्ही पेरत असाल तर कायद्याच्या नजरेत ते अतिक्रमण. आणि उशिराच्या दृष्टीने सर्वांत मोठं वाक्य म्हणजे, कलम २४(२) मुळे जुन्या, संपलेल्या प्रकरणांना नव्याने वाद उकरायचं कारण मिळत नाही.

एका ‘किंवा’चा अर्थ लावण्यात सहा वर्षं गेली, आणि त्या काळात लोकांनी वकिलांना दिलेली फी परत आली नाही. हा घटनापीठाचा निकाल मला सगळा पटलेला नाही. ‘किंवा’ लिहायचं असतं तेव्हा संसद ‘किंवा’च लिहिते असं माझं मत. पण कायदा आज तोच आहे. कोणी आजही ‘कलम २४ खाली जमीन सोडवून देतो’ म्हणून आगाऊ पैसे मागत असेल, तर पंचनामा आणि रक्कम जमा केल्याची नोंद आधी तपासा. दोन्ही नसतील तरच पुढे बोला.

प्रकल्प झालाच नाही, जमीन पडीक आहे. परत मिळेल?

जुन्या कायद्याखाली गेलेली असेल तर मालक म्हणून मागता येत नाही. एकदा सरकारात निहित झालेली जमीन एका कारणासाठी वापरली नाही तर दुसऱ्यासाठी वापरता येते, हे पक्कं आहे. २०१३ च्या कायद्यात कलम १०१ आहे, पाच वर्षं न वापरलेली जमीन मूळ मालकाला किंवा सरकारच्या भूमी बँकेला. त्या ‘किंवा’वरही बरंच काही अवलंबून आहे.

दुसऱ्या खातेदारांनी याच अधिसूचनेविरुद्ध खटला जिंकला. आमचीही जमीन सुटली का?

सहसा नाही. दिल्लीच्याच एका प्रकरणात, २००० साली, गुरदीप सिंग उबन निकालात न्यायालय म्हणालं की कलम ५-अ ची हरकत ज्याने घेतलीच नाही, त्याला हरकतीची सुनावणी नीट झाली नाही या मुद्द्यावर मिळालेला विजय वापरता येत नाही. पश्चिम बंगालमधलं सिंगूर, जिथे मोटार कारखान्यासाठी शेतजमिनी घेतल्या होत्या, हा अपवाद मानला जातो. तिथे ३१ ऑगस्ट २०१६ ला दहा वर्षांनी ९९७ एकर मोकळे झाले. पण २०२५ मध्ये तिथल्याच एका कंपनीने तोच फायदा मागितला तेव्हा तिला नकार मिळाला: तो दिलासा हतबल शेतकऱ्यांसाठी होता, मोबदला घेऊन गप्प बसलेल्या उद्योगासाठी नाही.

अधिसूचनेनंतर मी ही जमीन विकत घेतली. मला आव्हान देता येईल?

नाही. फार तर विकणाऱ्याच्या जागी मोबदला मागता येईल. २०१९ च्या शिवकुमार निकालाने कलम २४ चा आधारही अशा खरेदीदाराला नाकारला. ‘संपादनात आहे म्हणून स्वस्त देतो’ म्हणणाऱ्या एजंटापासून दूर राहा.

सगळे पैसे थोरल्या भावाने उचलले. मी काय करू?

भांडण सरकारशी नाही, भावाशी आहे. मोबदल्याच्या वाटणीच्या वादासाठी जुन्या कायद्याचं कलम ३०, नव्याचं कलम ७६. कलम ३० मध्ये मुदत लिहिलेली नाही, पण पैसे वाटले जाण्याआधी हरकत दिलेली केव्हाही बरी. नंतर उरतो तो दिवाणी दावा, आणि त्याला मुदत असते.

कोर्टाचा निकाल आमच्या बाजूने आहे, पण आणखी रकमेसाठी करायच्या अपिलाला उशीर झाला. माफ होतो का?

इथे न्यायालयं बरीच उदार आहेत. १९८७ च्या कातिजी निकालापासून सूर असा, की उशीर करून कोणाचा फायदा होत नाही, तेव्हा तांत्रिक कारणाने खरा हक्क मारू नये. वाढीव मोबदल्याच्या अपिलांत हजारो दिवसांचा उशीरही माफ झालाय, पण एका अटीवर: उशिराच्या काळाचं व्याज मिळणार नाही. ही अट हलकी समजू नका. ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के असं व्याज असतं, त्यामुळे दहा वर्षांचा उशीर म्हणजे वाढीव रकमेहून मोठा तोटा होऊ शकतो. नव्या कायद्याच्या कलम ७४ खालच्या अपिलाला मात्र ६० दिवस आणि वर जास्तीत जास्त ६०, असंच लिहिलंय.

सरकारलाही उशीर होतोच. २०२० मध्ये मध्य प्रदेश सरकार ६६३ दिवसांनी आलं तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने ‘मुदत न पाळता वाटेल तेव्हा इथे येता येणार नाही’ अशा अर्थाचं सुनावून २५,००० रुपये खर्च बसवला.

निकाल पक्का आहे आणि पैसेच येत नाहीत, असं असेल तर अपील नको, दरखास्त, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज, करा. तिला १२ वर्षं असतात.

जमीन हायवेत गेली. हेच नियम?

नाही. १९५६ चा राष्ट्रीय महामार्ग कायदा वेगळा आहे. हरकतीला २१ दिवस. कलम ३-ड ची घोषणा झाली की जमीन निहित. मोबदल्याचा वाद लवादाकडे. लवादाच्या निवाड्याविरुद्ध जिल्हा न्यायालयात तीन महिने, वर फक्त तीस दिवस. त्यानंतर एक दिवसही माफ होत नाही. इथे ‘पुढच्या तारखेला बघू’ म्हणणारा वकील लगेच बदला.

आमच्या प्लॉटवर विकास आराखड्यात बागेचं आरक्षण आहे. वीस वर्षं झाली.

हा एकमेव प्रश्न जिथे उशीर तुमच्या बाजूने काम करतो. एमआरटीपी, म्हणजे महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना कायद्याचं कलम १२७: अंतिम आराखडा लागू होऊन दहा वर्षं झाली आणि जागा घेतली नाही, तर मालकीच्या कागदांसह नोटीस द्यायची. त्यानंतर २४ महिन्यांत संपादनाची पावलं उचलली नाहीत तर आरक्षण व्यपगत. कागद न जोडता नुसतं पत्र दिलं तर ती नोटीस धरली जात नाही.

आधी कुठे जाऊ?

वकिलाकडे नंतर, आधी नकलांसाठी. भूसंपादन अधिकाऱ्याच्या कार्यालयात एल.ए.क्यू. नंबर (संपादन प्रकरणाचा क्रमांक) शोधा, निवाडा, ताबा पावती आणि पंचनाम्याची नक्कल मागा; मिळाली नाही तर माहिती अधिकाराचा अर्ज. तलाठ्याकडून संपादनाच्या आधीचा आणि नंतरचा सातबारा, तो फेरफार. संयुक्त मोजणीचा नकाशा भूमी अभिलेख कार्यालयात. संपादन रद्द करा असा दिवाणी दावा चालत नाही, त्यामुळे तालुका कोर्टात वर्षं घालवू नका. रिट उच्च न्यायालयातच. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांना १८ ऑगस्ट २०२५ पासून त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही, कोल्हापूरला सर्किट बेंच आहे.

आणि नक्कल हातात पडेल त्या दिवशी तिच्या मागच्या पानावर कार्यालयाचा तारखेचा शिक्का आहे का, ते तिथेच उभं राहून बघा.